अनुल्लेखित वृक्ष : सोकोत्रा बेटावरील काकडीवृक्ष आणि इतिहाससाधनांचे मौन

प्रस्तावना

काकडी, दुधी, दोडका, कारले, पडवळ, तोंडली, भोपळा ही आपल्या परसदारातील परिचित मंडळी वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने एकाच घराण्यातील होत. कर्कटी कुल या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या घराण्यात सुमारे ९५ प्रजाती आणि ९५० च्या आसपास जाती आहेत. यांपैकी बहुतेकींना वर चढण्यासाठी मांडव, कुंपण किंवा दुसऱ्या झाडाचा आधार लागतो. तो न मिळाल्यास त्या जमिनीवर पसरतात. स्वतःच्या खोडावर वृक्ष म्हणून उभी राहणारी जात या संपूर्ण कुलात एकच आहे आणि ती जगात केवळ सोकोत्रा या बेटावर नैसर्गिकरीत्या आढळते. तिचे शास्त्रीय नाव डेंड्रोसिसिओस सोकोट्राना. ग्रीक भाषेतील 'वृक्ष' आणि 'काकडी' या अर्थांच्या दोन शब्दांपासून हे नाव बनले आहे. प्रस्तुत लेखात तिला 'काकडीवृक्ष' असे म्हटले आहे. मांडवाच्या शोधात असणाऱ्या कुळात असा एखादा स्वावलंबी सदस्य निघावा, ही निसर्गाची गंमतच म्हणावयाची.

इतिहासाच्या अभ्यासकाने एका झाडाविषयी का लिहावे, असा प्रश्न येथे स्वाभाविकपणे उपस्थित होईल. त्याचे उत्तर असे की, सोकोत्रा हे काही अज्ञात बेट नव्हते. ख्रिस्तोत्तर पहिल्या शतकापासून ग्रीक, भारतीय, अरब आणि पोर्तुगीज यांच्या लेखनात ते सातत्याने येते. तेथील झाडांविषयीही पुष्कळ लिहिले गेले. परंतु ज्याच्याकडे कोणाही प्रवाशाचे लक्ष जावे अशा या विचित्राकार वृक्षाचा निर्देश १८३४ च्या सर्वेक्षणापूर्वीच्या ज्या प्रमुख साधनांचा येथे परामर्श घेतला आहे, त्यांत कोठेही नाही. हे मौन कशामुळे निर्माण झाले आणि ते कोणत्या परिस्थितीत भंगले, याचा शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

वृक्ष आणि बेट

सोकोत्रा बेट अरबी समुद्राच्या पश्चिम टोकाला, आफ्रिकेच्या गार्डाफुई भूशिराच्या पूर्वेस आहे. राजकीयदृष्ट्या ते येमेनचा भाग असले, तरी आफ्रिकेचा किनारा त्याला अधिक जवळ पडतो. बेटाची लांबी सुमारे १३० किलोमीटर असून मध्यभागी हागीर पर्वताची ग्रॅनाइटची शिखरे सुमारे १५०० मीटरपर्यंत गेली आहेत. आपल्याकडे पाऊस घेऊन येणारा नैर्ऋत्य मोसमी वारा या बेटाला मात्र कोरडा आणि प्रचंड वेगाने झोडपतो. जून ते सप्टेंबर या काळात शिडाच्या जहाजांना तेथे जाणे जवळजवळ अशक्य असे. बेटाचे एकाकीपण बऱ्याच अंशी या वाऱ्याने घडविले आहे. तेथील सुमारे ८२५ वनस्पती-जातींपैकी ३७ टक्के जाती जगात अन्यत्र कोठेही आढळत नाहीत.

काकडीवृक्षाचे खोड फुगीर, फिकट रंगाचे आणि बुंध्याशी कधी कधी एक मीटर व्यासाचे असते. त्याचा अंतर्भाग लाकडासारखा कठीण नसून मऊ आणि पाणी साठविणारा असतो. उंची साधारणतः ६ मीटरपर्यंत. या जाडजूड खोडाच्या शेंड्यावर आखूड फांद्यांचा विरळ झुबका, गोलसर खरखरीत पाने, पिवळी फुले आणि पिकल्यावर विटकरी होणारी सुमारे पाच सेंटिमीटरची फळे असे त्याचे रूप आहे. फूल पाहिले की मात्र कुळाविषयी शंका राहत नाही. हानो शेफर, ख्रिस्तोफ हाइबल आणि सुझान रेनर यांनी २००९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या कर्कटी कुलाच्या जनुकीय अभ्यासानुसार या वृक्षाचा वंश सुमारे २ कोटी २० लक्ष वर्षांपूर्वी वेगळा झाला. त्याच अभ्यासात बेटाचे वय साधारण १ कोटी वर्षे धरले आहे. म्हणजे वंश बेटाहून जुना. मुख्य भूमीवरील त्याचे आप्त नष्ट झाले आणि बेटावर हा एकटा उरला, असा या अभ्यासाचा अर्थ लावला जातो.

व्यापाऱ्यांची यादी

'पेरिप्लस ऑफ द एरिथ्रियन सी' या ख्रिस्तोत्तर पहिल्या शतकातील ग्रीक मार्गदर्शिकेत या बेटाचे नाव 'डायोस्कोरिडा' असे येते. तेथे अरब, भारतीय आणि काही ग्रीक असे परदेशी लोक उत्तर किनाऱ्यावर वस्ती करून राहतात, असे पेरिप्लसकार सांगतो. भडोच आणि मलबारकडून येणारी जहाजे तांदूळ, गहू, भारतीय कापड आणि दासी आणत व मोबदल्यात कासवाची पाठ नेत. झाडांपैकी एकाचीच दखल त्याने घेतली आहे: ज्याच्या अंगातून थेंबाथेंबाने गळणारा लाल पदार्थ 'भारतीय हिंगूळ' म्हणून विकला जाई ते झाड. हा पदार्थ म्हणजे आपल्या काष्ठौषधींच्या दुकानांत हिरादखण या नावाने परिचित असलेला तांबडा डिंक होय. याशिवाय मगरी, साप, मोठे सरडे आणि त्यांची खाण्याजोगी चरबी यांचीही नोंद आहे. मात्र बेटावर फळ, द्राक्ष वा धान्य काहीच होत नाही, असा शेराही पेरिप्लसकाराने मारला आहे.

हा शेरा महत्त्वाचा आहे. पेरिप्लसकार बेटाकडे गोदामाच्या नजरेने पाहतो. येथून काय नेता येईल आणि येथे काय आणून विकता येईल, एवढेच त्याचे दोन प्रश्न आहेत. त्यांपैकी कोणत्याही प्रश्नाच्या उत्तरात काकडीवृक्ष बसत नाही. त्याला डिंक नाही, सुवास नाही, इमारतीस उपयोगी लाकूड नाही आणि त्याचे फळ बाजारात जाणारे नाही.

पश्चिम भारताचा या बेटाशी असलेला संबंध केवळ ग्रीक ग्रंथावर अवलंबून नाही. बेटाच्या ईशान्य भागातील होक नावाच्या प्रचंड गुहेत एकविसाव्या शतकाच्या आरंभी बेल्जियन संशोधकांच्या पथकाला शेकडो लेख आणि रेखाटने आढळली. त्यांतील बहुसंख्य लेख ब्राह्मी लिपीत आहेत. इंगो श्ट्राउख यांनी २०१२ मध्ये या लेखांचे संपादन करून ते प्रसिद्ध केले. लेख प्रामुख्याने दुसऱ्या ते पाचव्या शतकांदरम्यानचे असून त्यांत भरुकच्छ आणि हस्तकवप्र, म्हणजे आजचे भडोच आणि भावनगरजवळील हाथब, यांचे उल्लेख आहेत. गुहेतच सापडलेल्या एका लाकडी फळीवर पाल्मिरी लिपीतील मजकूर असून तिचा काळ इसवी सन २५८ असा निश्चित होतो. कोळशाने, चिखलाने किंवा टोकदार वस्तूने लिहिलेले हे भारतीय लेख बहुतांशी अतिशय त्रोटक आहेत: अमुक आला, अमुकाचा पुत्र अमुक. अंधाऱ्या गुहेत खोलवर जाऊन स्वतःचे नाव लिहिणाऱ्या या नाविकांना बाहेरच्या उतारावरील झाडांविषयी काही लिहिण्याचे प्रयोजन नव्हते. त्यांनी ते झाड पाहिलेच नसेल, असे मानण्यास मात्र आधार नाही.

अरब लेखकांच्या काळात बेटाची ओळख कोरफडीच्या रसापासून केलेल्या काळ्या बोळाशी जोडली गेली. अ‍ॅरिस्टॉटलच्या सल्ल्यावरून सिकंदराने बोळासाठी तेथे ग्रीक लोक वसविले, अशी कथा दहाव्या शतकातील मसुदीने नमूद केली आहे. कथेच्या सत्यतेविषयी शंका घेता येईल. परंतु एखाद्या बेटाच्या इतिहासाचा उगमच एका औषधी द्रव्यात शोधला जावा, ही गोष्ट त्या काळच्या दृष्टीविषयी पुरेसे सांगून जाते.

गोव्याच्या वाटेवर

१५०७ मध्ये त्रिस्ताव द कुन्य आणि अफोन्सो द अल्बुकर्क यांनी सोकोत्रा घेतले. तांबड्या समुद्राचे तोंड रोखण्यासाठी हे ठाणे उपयोगी पडेल, अशी त्यांची अपेक्षा होती. ती फोल ठरली. अन्नाचा तुटवडा, रोगराई आणि जहाजांना सुरक्षित बंदराचा अभाव यांमुळे १५११ मध्ये पोर्तुगीजांनी बेट सोडले. तोवर गोवा हाती आल्यामुळे त्यांच्या सत्तेचे केंद्र पूर्वेकडे सरकले होते.

१५४२ मध्ये गोव्याकडे येत असताना फ्रान्सिस झेवियर काही काळ सोकोत्रास थांबले. त्याच वर्षी गोव्याहून पाठविलेल्या पत्रात त्यांनी तेथील रहिवाशांचे वर्णन केले आहे. बेट ओसाड आहे, तेथे गहू नाही, तांदूळ नाही, फळझाडे नाहीत. लोक खजूर, दूध आणि मांस यांवर जगतात, असे ते लिहितात. त्यांचे खरे लक्ष होते ते स्वतःस सेंट थॉमसचे अनुयायी म्हणविणाऱ्या तेथील ख्रिस्ती समाजाकडे. गोव्यातच १५६३ मध्ये छापल्या गेलेल्या गार्सिया द ओर्ता यांच्या औषधी द्रव्यांवरील संवादग्रंथातही सोकोत्रा येते, ते काळ्या बोळाच्या चर्चेत. ओर्ता हे चिकित्सक वृत्तीचे वैद्य होते. ऐकीव गोष्टी पारखून घेण्याची त्यांना सवय होती. परंतु त्यांच्याकडे वनस्पती येत ती औषध म्हणून, बाजाराच्या वाटेने. जी वनस्पती बाजारात येतच नाही ती गोव्यात बसलेल्या वैद्याला दिसणार कशी?

पेरिप्लसकार आणि झेवियर यांच्यात सुमारे पंधराशे वर्षांचे अंतर आहे. एक व्यापारी, दुसरा धर्मोपदेशक. तरीही बेटावर काय नाही याची दोघांनी केलेली यादी जवळजवळ सारखी आहे. दोघेही आपल्या ओळखीचे धान्य आणि फळ शोधत होते. मात्र झेवियर यांनी नोंदविलेल्या एका गोष्टीत आपल्या विषयाचा धागा दडलेला आहे. लोक दुधामांसावर जगत असतील, तर जनावरे कशावर जगत होती? आणि पाऊस न पडलेल्या वर्षी त्यांच्या पुढ्यात काय टाकले जात होते? हे प्रश्न झेवियर यांना पडले नाहीत. त्यांच्या पत्रावरून बेटाचा इतिहास लिहिणाऱ्यांनीही ते फारसे विचारलेले नाहीत.

मुंबईचा कोळसा

मौन भंगले ते मुंबईमुळे, आणि त्याचे कारण पूर्णपणे वेगळे होते. मुंबईच्या गोदीत बांधलेली 'ह्यू लिंडसे' ही आगबोट २० मार्च १८३० रोजी सुएझकडे निघाली आणि वाफेच्या बळावर इंग्लंडशी टपालाचा मार्ग आखता येईल, हे सिद्ध झाले. अडचण कोळशाची होती. एवढ्या लांबच्या प्रवासास पुरेल इतका कोळसा बोटीत मावत नसे. वाटेत साठा करण्यासाठी जागा हवी होती. त्या दृष्टीने मुंबई सरकारचे लक्ष सोकोत्राकडे गेले. इंडियन नेव्हीच्या 'पॅलिन्युरस' या जहाजावरील लेफ्टनंट जेम्स वेल्स्टेड यांनी १८३४ च्या आरंभी बेटाच्या अंतर्भागात हिंडून सर्वेक्षण केले. त्यांचा वृत्तांत १८३५ मध्ये लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाला.

बोळ आणि हिरादखण यांची माहिती वेल्स्टेड यांनी दिली आहेच. परंतु त्यांना केवळ व्यापारी मालाची नव्हे, तर पाणी, जनावरे, वाटा आणि वैरण यांची पाहणी करावयाची होती. फौज ठेवायची तर हे सर्व ठाऊक असणे आवश्यक होते. या पाहणीच्या ओघात त्यांनी खडकाळ जागी वाढणाऱ्या दोन चमत्कारिक झाडांचे वर्णन केले आणि स्थानिक भाषेतील 'असेट' व 'कॅमहेन' ही त्यांची नावे टिपून घेतली. ही झाडे उंचीच्या मानाने अवाढव्य जाड असतात, त्यांचा गाभा पांढुरका व इतका मऊ असतो की साध्या सुरीने कापता येतो, आणि उंट व मेंढ्या कॅमहेनची पाने खातात पण असेटला तोंड लावीत नाहीत, असे ते सांगतात.

येथे साधनचिकित्सेची गरज आहे. दोन्ही झाडांतून डोळ्यांना झोंबणारा पांढरा चीक निघतो, असेही वेल्स्टेड यांनी लिहिले आहे. असा चीक आपल्या रोपवाटिकांत अ‍ॅडेनियम म्हणून विकल्या जाणाऱ्या कण्हेरीच्या कुळातील झाडाचे लक्षण आहे. काकडीच्या कुळाचे नव्हे. जनावरे ज्याला तोंड लावीत नाहीत ते असेट म्हणजे सोकोत्राचे अ‍ॅडेनियम, आणि जनावरे ज्याची पाने खातात ते कॅमहेन म्हणजे काकडीवृक्ष, असे मानणे सयुक्तिक ठरते. मग चिकाचे काय? दोन्ही झाडे दुरून सारखी दिसतात आणि अनेकदा एकाच उतारावर उभी असतात. वेल्स्टेड यांनी एकाचे लक्षण दुसऱ्यालाही लावले असावे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. त्यांची नजर चुकली असली, तरी मेंढपाळांकडून ऐकलेला भेद त्यांनी अचूक उतरविला आहे. वृत्तांतातील सर्वांत विश्वसनीय भाग निरीक्षकाचा नसून त्याला माहिती देणाऱ्या अनाम बेटवासीयांचा आहे, असे म्हटल्यास वावगे होणार नाही.

पुढील राजकीय घटना थोडक्यात सांगता येतील. महरा वंशाच्या वृद्ध सुलतानाने बेट विकण्यास नकार दिला. तरी सैन्य उतरविण्यात आले. तापाने ते बेजार झाले आणि १८३५ मध्ये बेट सोडून देण्यात आले. कोळशासाठी १८३९ मध्ये एडन घेतले गेले आणि ते १९३२ पर्यंत मुंबई सरकारच्या अखत्यारीत राहिले. सोकोत्राची कोळशाची गरज संपली आणि कॅमहेनचे नावही पुन्हा सुमारे अर्धशतक बाजूला पडले.

नामकरण

१८७६ मध्ये सुलतानाशी झालेल्या करारामुळे बेट अन्य सत्तांच्या हाती जाणार नाही याची इंग्रजांनी तजवीज केली. त्यानंतर चारच वर्षांत, म्हणजे १८८० च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये, ग्लासगो विद्यापीठातील वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक आयझॅक बेली बाल्फोर तेथे पोहोचले. त्यांच्यासमवेत एडिंबराच्या वनस्पती उद्यानातील अलेक्झांडर स्कॉट नावाचा माळी आणि एडनच्या फौजेतील एक अधिकारी होता. १८८१ मध्ये गेऑर्ग श्वाइनफुर्ट हे जर्मन संशोधकही येऊन गेले. बाल्फोर यांनी १८८२ मध्ये काकडीवृक्षाचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध करून त्यासाठी स्वतंत्र प्रजाती निर्माण केली आणि १८८८ मध्ये बेटाच्या वनस्पतींवरील त्यांचा बृहद्ग्रंथ बाहेर पडला.

बाल्फोर यांचे कार्य थोर आहे, यात संशय नाही. बेटावर सुमारे सात आठवडे काढून त्यांनी जमविलेल्या नमुन्यांवर आजही अभ्यासकांना विसंबावे लागते. परंतु 'शोध' हा शब्द येथे जपून वापरावा लागेल. ज्या झाडाला बेटावर नाव होते, ज्याचा उपयोग ठाऊक होता आणि ज्याचा सारखा दिसणाऱ्या विषारी झाडाहून असलेला भेद प्रत्येक गुराख्याला कळत होता, ते झाड १८८२ मध्ये 'शोधले' गेले असे म्हणणे म्हणजे लेखनालाच ज्ञान समजणे होय. आपल्याकडील ब्रिटिशकालीन वनस्पतीसूचींबाबतही ही चूक सर्रास होते आणि पाठ्यपुस्तकांतून ती पुढे चालू राहते.

अवर्षणातील वैरण

आता झेवियर यांच्या पत्रातून उद्भवलेल्या प्रश्नाकडे वळू. सोकोत्राच्या अंतर्भागातील लोकांचे जीवन शेळ्या, मेंढ्या आणि गाई यांवर अवलंबून राहिले आहे. तीव्र अवर्षणात गवत संपले की काकडीवृक्ष तोडून, त्याचे खोड व फांद्या ठेचून तो लगदा जनावरांना घालतात. ज्या मऊ, पाणीदार गाभ्यामुळे हे झाड सुताराच्या दृष्टीने निरुपयोगी ठरते, तोच गाभा अवर्षणात कळप तगवितो. फांद्या छाटून दिल्या तर झाड पुन्हा फुटू शकते. बुंधाच तोडला तर ते गेले. म्हणजे ही ठेव एकदाच मोडता येण्याजोगी आहे आणि अखेरच्या क्षणापर्यंत ती राखण्यातच शहाणपण असणार. ओली झाडे तोडण्यावर टोळ्यांच्या रूढींची बंधने होती, हे या दृष्टीने समजून घ्यावे लागते.

अँथनी मिलर आणि मिरांडा मॉरिस यांनी २००४ मध्ये एडिंबराच्या वनस्पती उद्यानातर्फे प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात सोकोत्राच्या वनस्पतींबरोबर त्यांची स्थानिक नावे आणि उपयोग यांची विस्तृत नोंद केली. बाल्फोर यांच्या सफरीनंतर सव्वाशे वर्षांनी त्याच संस्थेकडून हे घडावे, हा योगायोग लक्षणीय आहे. त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाच्या लाल यादीत काकडीवृक्षाचे मूल्यमापन होऊन तो 'असुरक्षित' या वर्गात नोंदविला गेला. २००८ मध्ये बेटास जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. नोव्हेंबर २०१५ मध्ये एकाच आठवड्यात आलेल्या 'चपाला' व 'मेघ' या दोन चक्रीवादळांनी तेथील वृक्षराजीची मोठी हानी केली.

संवर्धनविषयक लेखनात अवर्षणातील तोड ही या वृक्षाला असलेल्या धोक्यांत गणली जाते. ती गणना चुकीची नाही. शेळ्या कोवळी रोपे खातात, नवी झाडे कमी उभी राहतात आणि प्रत्येक दुष्काळात काही जुनी झाडे जातात, हे नाकारता येणार नाही. तथापि इतिहासाच्या अभ्यासकाने येथे एक प्रश्न उपस्थित करणे आवश्यक आहे. माणसे आणि शेळ्या या बेटावर फार जुन्या काळापासून आहेत; झेवियर यांच्या वेळी तर लोक दूध आणि मांस यांवरच जगत होते. तोड हीच मूळ आपत्ती असती तर हा वृक्ष एकोणिसाव्या शतकापर्यंत टिकला कसा? १९६७ मध्ये सल्तनत संपली, १९९० मध्ये येमेनचे एकीकरण झाले, १९९९ मध्ये विमानतळ सुरू झाला. या काळात टोळ्यांच्या रूढींचे, कळपांच्या हंगामी स्थलांतराचे आणि बाहेरून येणाऱ्या धान्याचे काय झाले, हे पाहिल्यावाचून मेंढपाळाच्या हातातील कुऱ्हाडीवर ठपका ठेवणे घाईचे ठरेल. पेरिप्लसकाराला हा माणूस दिसलाच नाही. आधुनिक अहवालात तो दिसतो, पण केवळ उपद्रवकारक म्हणून.

मौनावर आधारलेल्या युक्तिवादाच्या मर्यादेची प्रस्तुत लेखकास जाणीव आहे. एखाद्या साधनात उल्लेख नाही, एवढ्यावरून फार मोठे अनुमान काढता येत नाही. येथे काढलेले अनुमान मर्यादित आहे: परक्यांच्या नोंदी त्यांच्या गरजांच्या मापाने घडल्या, आणि फौजेच्या वैरणपाण्याची गरज निर्माण झाली तेव्हाच वैरणीच्या झाडाचे नाव कागदावर आले. हे अनुमान तपासण्यासाठी दुसऱ्या बाजूची साधने हवीत आणि ती सोकोत्री भाषेत आहेत. ही सेमिटिक भाषा शतकानुशतके केवळ मौखिक राहिली. १८९८-९९ च्या व्हिएन्ना अकादमीच्या मोहिमेनंतर डेव्हिड हाइनरिश म्युलर यांनी तिचे काही पाठ छापले. व्हिताली नाउमकिन, लिओनिद कोगान आणि त्यांच्या सोकोत्री सहकाऱ्यांनी संपादिलेल्या मौखिक साहित्याच्या संग्रहाचा पहिला खंड २०१४ मध्ये आला. त्यात अरबी लिपीवर आधारित लेखनपद्धतीही वापरली आहे. वेल्स्टेड यांनी 'कॅमहेन' म्हणून उतरवून घेतलेले नाव या गाण्यांत, म्हणींत आणि अवर्षणाच्या कथांत कोठे आणि कशा संदर्भात येते, हे पाहण्याचे काम सोकोत्री जाणणाऱ्या अभ्यासकांना आता करता येण्यासारखे आहे.